पदीबायची दाढ

पदीबाय बुधवारी गेली, आणि मला तिचा अजून राग येतोय.

गेलेल्या माणसाबद्दल असं बोलू नये, हे आम्हाला कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर्सनी शिकवलं होतं. पण सिस्टर्सची पदीबायशी गाठ पडली नव्हती.

टेमघरच्या समाजमंदिरात आमचा दर शुक्रवारी दातांचा मोफत दवाखाना असतो. शुक्रवारी गावातले कापडाचे लूम बंद, म्हणून बायकांना जरा सवड. डॉ. नाझिया दात बघतात. मी शाळेतली टीचर; इथे नावं लिहिते आणि पोरांना ब्रश धरायला शिकवते.

पदीबाय तिथली सुईण. आमची पहिली शत्रू.

"पोटुशी बाईनं डाक्तरला दात दावायचा न्हाय. एका पोरामागं एक दात द्यावाच लागतो, बाय."

कनवटीला मशेरीची पत्र्याची डबी. कुणाची दाढ दुखली की लाव चिमूटभर. गरोदर असो, नसो.

२००४ च्या उन्हाळ्यात ती स्वतःच्या सुनेला घेऊन आली. वैशाली. सहावा महिना. गाल डोळ्यापर्यंत सुजलेला, अंगात ताप, दोन दिवस पोटात फक्त पेज.

"नुसती गोळी द्या," पदीबाय म्हणाली.

"काकी, पू झालाय. दाढ निकालनी पडेगी," डॉ. नाझिया म्हणाल्या. "नाहीतर बाळालाही त्रास होईल."

"बाळंत होऊ दे, मंग काडा."

असं म्हणून तिने डबी उघडली आणि आमच्यासमोरच सुनेच्या हिरडीला मशेरी लावायला निघाली.

मी ती डबी हिसकावली. सगळ्या बायकांपुढे उंच धरली. आमच्या असेम्ब्लीत सिस्टर घाणेरडी नखं सगळ्या वर्गाला दाखवायच्या ना, अगदी तशी. "बघा! हिच्यामुळे तुमची तोंडं नासतात!"



पदीबायने हात पुढे केला. "दे."

डबी घेतली, वैशालीचा दंड धरला आणि चालती झाली.

"टीचर, आता ती सुनेला परत आणणार नाही," डॉ. नाझिया म्हणाल्या. "आप खुद जाओ."

दुसऱ्या दिवशी डॉक्टर आणि मी, दोघी गेलो. पदीबाय अंगणात सुपात सुकट घेऊन निवडत बसली होती. मान वर केली नाही.

"मास्तरीणबाय, माफी मागाय आलीस का शिकवाय?"

"माफी."

"मंग बस."

मी बसले. सुकट निवडता निवडता ती बोलली. तिची धाकटी बहीण सातव्या महिन्यात अंबाडीच्या बाजारात, रस्त्यावरच्या माणसाकडे दाढ काढायला बसली होती. "रगत थांबलाच न्हाय. माज्या मांडीवर गेली."

इतकी वर्षं मी जिला अडाणी म्हणत होते, ती नुसती घाबरलेली होती. मी कधी विचारलंच नव्हतं.

मग ती सुकटीचं सूप बाजूला सारून उठली. "आदी मना बसव. माजी दाढ हालते हाय. मी मेले न्हाय, तर तिला बसव."

आतून वैशाली म्हणाली, "आई, नका ना."

"गप गो. तू पेज पी."

वैशालीलाही सोबत घेतलं आणि समाजमंदिर उघडलं. लोडशेडिंग, म्हणून मी टॉर्च धरला. पदीबायने माझं मनगट असं आवळलं की माझी बांगडी पिचली. दाढ निघाली. तिने ती मागून घेतली, पदरात बांधली आणि पायरीवर जाऊन बसली. कापसाचा बोळा काढून बघायची, परत दाबायची. तासाभराने पांढरा बोळा मला दाखवला.

"थांबला," म्हणाली. डोळ्यांत पाणी.

मग हाक मारली, "वैशाली, बस."

वैशालीला मुलगी झाली. सानिका. तिला रोज दोन वेळा ब्रश करायला कोण लावायचं? आजी. स्वतःच्या तोंडात मशेरी धरून!

आणि त्यानंतर दर शुक्रवारी ती बायकांना हाताला धरून आणायला लागली. लूमवाल्यांच्या परप्रांतातल्या बायकांनासुद्धा. तिच्या त्या हिंदीत.

"ये देख मेरा दाढ. मैं मरी क्या? बैठ!"

पण मशेरी सोडली नाही. "तुजा चहा तशी माजी मशेरी," म्हणायची.

गेल्या वर्षी डॉ. नाझियांना तिच्या गालात आतून पांढरा चट्टा दिसला. मुंबईला जाऊन तुकडा तपासायला हवा होता.

"या शुक्रवारी बायका हायत. पुडल्या शुक्रवारी जाते."

पुढल्या शुक्रवारीही बायका असायच्याच.

मी भांडले. ओरडले. दोनदा गाडी ठरवली. पहिल्यांदा ही घरीच नव्हती. दुसऱ्यांदा हिने त्या गाडीत वळ गावच्या एका गरोदर पोरीला बसवून हॉस्पिटलला पाठवलं. जबडा सुजला होता तिचा.

"तिला निकड हुती," वर मलाच समजावते!

अगं, आणि तुला नव्हती?

शेवटी मुंबईला गेली तेव्हा तोंड इतकं मिटलं होतं की दोन बोटंही आत जात नव्हती. कॅन्सर पसरला होता.

आज सकाळी त्यांच्या घरी गेले होते. वैशालीने ती पत्र्याची डबी माझ्या हातात ठेवली. "आई म्हणाल्या, टीचरला द्या."

वर मशेरी. खाली चिंधीत गुंडाळलेली दाढ.

मशेरी मी गटारात ओतली. दाढ घेऊन दवाखान्यात आले.

आज शुक्रवार. एक नवी मुलगी आली होती, सहा महिन्यांची गरोदर. खुर्चीला हात लावायला तयार नाही. मी भाषण केलं नाही. तळहातावर दाढ ठेवून तिच्यापुढे धरली. "ये पदीबाय की है. उसने पहले खुद निकलवाई थी."

मुलीने विचारलं, "फिर वो मर गई क्या?"

मी दाढेवर मूठ मिटली.

"हां," मी म्हटलं. "लेकिन इससे नहीं."

ती बसली.

जा गो, पदीबाय. पुढल्या शुक्रवारचं आम्ही बघतो.