गोदामाच्या भिंतीवरच्या सात पाठी

माझ्या आत्याच्या यजमानांनी, म्हणजे आमच्या मामांनी, पाटी रंगवून दिली आणि मालक खूश झाला असं सत्तरच्या दशकातल्या नव्या जालन्यात एकदाही घडलं नाही. अक्षर मात्र असं देखणं, की लोक पुन्हा त्यांनाच बोलवत आणि पुन्हा पस्तावत. एका हॉटेलच्या पाटीवर त्यांनी मालकाच्या नावाखाली कपबशा धुणाऱ्या बाईचं नाव तेवढ्याच ठसठशीत अक्षरांत लिहिलं. मालक तावातावाने आला तर म्हणाले, "चहा पिऊन राह्यले लोक, मंग कप कोन धुतं ते बी वाचू द्या की." आत्या म्हणायची, माकडाच्या हाती कोलीत परवडलं, यांच्या हाती ब्रश नको. मला मात्र त्यांचा फार अभिमान होता.

एकदा दिवाळीआधी एका आडत्याने गोदामाच्या भिंतीवर कमळातली लक्ष्मी काढायला सांगितली. मामांनी काढल्या सात हमालांच्या पाठी, पुरुषभर उंचीच्या, पोत्यांखाली वाकलेल्या. समोरच्या दुकानांच्या पाट्या रंगवताना शिडीवरून बघून त्यांनी त्या वर्षभर रद्दीच्या कागदांवर टिपून ठेवल्या होत्या.

"लक्ष्मी कुठंय?" शेठजी ओरडले.

"ही काय, पोत्यात बसून चालली."

सगळा बाजार हसला. शेठजींनी बजावलं, आठ दिवसांत चुना मारा, नाहीतर या बाजारात तुम्हाला काम मिळणार नाही. आत्या घाबरली. मामा हटून बसले.

तिसऱ्या दिवशी एक बाई आली. तिचा नवरा त्याच गोदामात उन्हाळ्यात पोत्यांची थप्पी अंगावर कोसळून गेला होता. चौथ्या पाठीवरच्या सदऱ्याच्या ठिगळावर तिने बोट ठेवलं. "हे टाके माझ्या हातचे हायेत, दादा. घरात त्यांचा एक फोटो न्हाई. मला त्यांचं तोंड काढून द्या. लेकीला बाप बराबर आठवत न्हाई."

मामांनी लगेच पत्रा आणला, रंग कालवला, आणि ब्रश तसाच हातात धरून बसले. बाई नाक सांगत होती, कपाळ सांगत होती. मामा काढत, ती मान हलवी, मामा पुसत. संध्याकाळपर्यंत हेच चाललं. शेवटी ते म्हणाले, "माय, म्या पाठच पाह्यली." मला त्यांचा राग आला, आणि तेवढीच मायाही दाटून आली.

आठव्या दिवशी मामांनी स्वतःच्या हाताने भिंतीला चुना मारला. त्यानंतर कित्येक वर्षं ते सकाळी गोदामाच्या दाराशी उभे राहून कामावर येणाऱ्या एकेकाकडे समोरून बघत. "कोनाची वाट पाहून राह्यले, पेंटरसाहेब?" एखादा हमाल विचारी. मामा त्याचं नाव विचारून घेत.