गुनवोरचा मे महिना

गुनवोरने सुट्टीवर जायचं ठरवलं. समुद्रकाठी, आणि तेही पक्षी बघायला. हे ऐकल्यावर बेटावरच्या प्रत्येकाने आधी तिच्या अंगणाकडे पाहिलं. तिचं अंगण संपतं तिथे समुद्रच सुरू होतो, आणि मे महिन्यात त्या अंगणात इतके पक्षी असतात की पाय जपून टाकावा लागतो.

"माशाने पोहायला जावं तसं झालं हे," शेजारची सिग्रिड म्हणाली.

"मासा कुठे पोहायला जातो? तो कामावर असतो," गुनवोर म्हणाली.

धक्क्यावरच्या दुकानात मी काम करते. बोटीचं तिकीट असो की हॉटेलची खोली, बेटावरचं सगळं आरक्षण माझ्याच संगणकावर होतं. मार्चमध्ये गुनवोर आली. नखांत समुद्रगवताचा चुरा होता.

"डेन्मार्कचं उत्तर टोक. स्कागेन. खिडकीतून वाळू दिसायला हवी. आणि सकाळची कॉफी दुसऱ्या कुणीतरी करायला हवी."

"कधी?"

"मेमध्ये."

मी कळफलकावरून हात काढला. आमच्याकडे मे एडर बदकांचा असतो. माद्या समुद्रातून चालत वर येतात. आम्ही त्यांच्यासाठी दगडांची आणि जुन्या फळ्यांची बुटकी घरं बांधलेली असतात, आत वाळवलेलं समुद्रगवत अंथरलेलं असतं. माद्या तिथे बसतात, स्वतःच्या छातीची मऊ पिसं उपटून अंड्यांभोवती लावतात. पिल्लं घेऊन त्या गेल्या की मागे राहिलेल्या पिसांच्या रजया होतात. त्या बसलेल्या असतात तोवर बेटावर हातोडा वाजत नाही, कुत्री बांधलेली असतात, दोरीवर लाल कपडा वाळत नाही. राखणदार रोज त्याच कपड्यांत फिरतो. कपडे बदलले तर माद्या बिचकून उठतात आणि अंडी थंड पडतात.

गुनवोरचे ते कपडे म्हणजे करडा लोकरी स्कर्ट, तपकिरी स्वेटर आणि डोक्याला रुमाल. मूळचे सासूचे. लग्नानंतरच्या पहिल्याच वसंतात सासूने ते पलंगावर काढून ठेवले आणि म्हणाली, "पक्षी यांना ओळखतात." आत बाई कोणती, हे पक्ष्यांना कळायची गरज नव्हती. तेव्हापासून गुनवोरचा एकही मे बेटाबाहेर गेला नाही. मेमध्येच येणाऱ्या राष्ट्रदिनाच्या मिरवणुकीचा बँड तिने दर वर्षी पाण्यापलीकडूनच ऐकला.

"तिथे बघायचंय काय?" मी विचारलं.

"गरुड. वसंतात त्या टोकावर जमतात म्हणे. पुढे समुद्र ओलांडावा की नाही, याचा विचार करत घिरट्या घालतात."

मला हसूच आलं. बेटावर गरुड म्हणजे चोर. घरट्यावरची मादी उचलून नेतो. वल्हं उगारून त्याच्यामागे धावण्यात गुनवोरचं आयुष्य गेलेलं.

"आजवर त्याला फक्त मागे धावता धावता पाहिलंय," ती म्हणाली. "मला वाटतं, तो दिसायला देखणा आहे. एकदा बसून खात्री करायचीय."

पुढच्या रविवारी तिचा मुलगा हाल्वार आला. मोठ्या बेटावर तो बोटींची इंजिनं दुरुस्त करतो. मी हॉटेलचे कागद द्यायला गेले होते, म्हणून मलाही वाफल्स मिळाले, वर तपकिरी चीज.

"ऑगस्टमध्ये जा ना, आई. सगळं जग ऑगस्टमध्ये जातं."

"गरुड जगाला विचारून येत नाहीत."

"मग टीव्हीवर बघ."

"तू टीव्हीवर जेवतोस का?"

"आणि माद्या? एक वर्ष माणूस नसलं तर त्या पुन्हा फिरकत नाहीत, हे तूच सांगायचीस."

"माणूस असेल." ती आत गेली आणि कपड्यांची घडी आणून तिने त्याच्या मांडीवर ठेवली.

हाल्वार स्कर्टकडे बघत राहिला. मी खिडकीबाहेर.

"आई, मी पन्नाशी ओलांडलीय."

"कमरेला नाडी आहे. बसेल."

"लोक काय म्हणतील?"

"मेमध्ये लोक काही म्हणत नाहीत. मोठ्याने बोलायला बंदी असते."

तो हसला नाही. वाफल बाजूला सारून म्हणाला, "चौदाव्या वर्षी चर्चमध्ये माझा दीक्षाविधी झाला, त्या दिवशी सगळ्या मुलांच्या आया होत्या. माझी नव्हती. का, तर मे होता. आणि आता तू गरुड बघायला निघालीस!"

गुनवोर उभीच होती.

"नव्हते आले. त्या दिवशी हे कपडे दुसऱ्या कुणी घातले असते तर आले असते. तुझ्या आजीचे गुडघे गेलेले. तुझ्या बापाला विचारलं, तर तो हसला. त्यानंतर मी कुणाला विचारलं नाही. तुलाही विचारत नाहीये."

"म्हणजे?"

"म्हणजे तिकीट काढून झालंय."

तो उठून गेला. कपडे खुर्चीवरच राहिले. गुनवोरने ते दाराच्या आतल्या खिळ्याला अडकवले, आणि नंतर त्यांचा विषय काढला नाही.

दुर्बीण माझी होती, म्हणून तिने मलाही सोबत घेतलं. मेच्या पहिल्या आठवड्यात आम्ही पहाटे धक्क्यावर उभ्या होतो. हाल्वारचा पत्ता नव्हता. तिने नवीन जाकीट उलटं घातलं होतं, करडं अस्तर बाहेर.

"तो आलाच नाही तर?" मी हळूच विचारलं.

"तर अंडी थंड पडतील. आणि मी डेन्मार्कमध्ये असेन." आवाज पक्का होता. पण घराकडे मात्र तिने मान वळवली नाही.

बोट बेटाच्या टोकाला वळसा घालत होती, तेव्हा मला गुनवोरच्या अंगणाखालच्या खडकांमागे हाल्वारची होडी दिसली. इंजिन वर उचललेलं, वल्ही अजून ओली. घरट्यांमधून एक करडा स्कर्ट सावकाश चालत होता. खांदे रुंद. चाल मात्र तिचीच, दर दोन घरट्यांनंतर थांबणारी. कुठलीच मादी उठली नाही.

मी गुनवोरचा दंड धरला. तिने पाहिलं, बराच वेळ पाहिलं.

"रुमाल चुकीचा बांधलाय," ती म्हणाली. मग जाकीट काढून सुलटं करून घातलं. लालभडक होतं.

स्कागेनला दोन दिवस तिने काहीही केलं नाही, आणि ते मन लावून केलं. दुसऱ्याने केलेली कॉफी प्यायली, पातळ आहे म्हणाली आणि आणखी मागवली. तिसऱ्या दिवशी वाळूच्या टेकडीवर खुर्ची टाकून बसलो असताना तो आला. पंख दारांएवढे, शेपूट पांढरी. गुनवोर अर्धी उठली, हात वल्ह्यासाठी बाजूला गेला. तिथे वाळू होती. ती पुन्हा बसली.

तेवढ्यात फोन वाजला. हाल्वार कुजबुजत होता, पण मला सगळं ऐकू येत होतं.

"आई, गरुड आलाय. खाली उतरतोय. काय करू?"

"वल्हं घेऊन पळ."

"या स्कर्टमध्ये?"

"मी त्यातच पळत होते."

तिने फोन पिशवीत टाकला, माझ्या हातातून दुर्बीण घेतली आणि मान वर केली.