औषधात न धरलेला ज्येष्ठमध

ज्येष्ठमध आमच्या घरात आणला तो मी. सगळं माझंच शहाणपण. डिंडोलीच्या मराठी शाळेत मी दोन वर्ग एका खोलीत शिकवते, दुपारपर्यंत घसा पार बसतो. म्हणून पर्समध्ये काडीचा तुकडा कायम. चावला की आधी नुसतं लाकूड चघळल्यासारखं वाटतं, मग हळूहळू गोडी उतरते आणि घसा मोकळा होतो. खोकल्याला मधातून चूर्ण, तोंड आलं की तुपात कालवून, पित्ताला दुधातून. इकडचे गुजराती लोक जेठीमध म्हणतात आणि आमच्याइतक्याच विश्वासानं खातात.

आमचे हे कडोदऱ्याला पॉवरलूमवर. बारा तासांची पाळी आणि बाराही तास गालात मावा, म्हणजे सुपारी, तंबाखू, चुना. गेल्या वर्षी त्यांचं तोंड पुरतं उघडेना. दाताच्या डॉक्टरनं तीन बोटं उभी घालायला सांगितली, दोनच गेली. "आज सोडा, नाहीतर पुढं कॅन्सर," तो म्हणाला. रिक्षात बसल्या बसल्या हे म्हणतात, "मले काय व्हयनं? मी चांगला शे." म्हणे काही झालंच नाही! मी तिथंच त्यांचा खिसा उलटा केला. भांडायचं त्राण नव्हतं अंगात, तरी भांडले.

मावा सोडायचा तर गालात दुसरं काहीतरी हवं. लूमच्या आवाजात बोलणं होत नाही, हात धाग्यात गुंतलेले, तोंड मोकळं राहिलं की तलफ येणारच. मग मी ज्येष्ठमधाचे बोटभर तुकडे करून डब्यासोबत द्यायला लागले. ह्यांनी काडीही माव्यासारखीच धरली. पाळी सुरू झाली की गालात, तिचा चोथा झाला की दुसरी. मावा थुंकावा लागायचा, ही गोड, म्हणून रस सगळा पोटात. त्यात माझी भर, सकाळी चूर्ण आणि बाटलीत काढा. मास्तरीणबाईंनी एकदा हाती घेतलं की अर्धवट कसं सोडतील! पण मावा सुटला. शेजारणी विचारायला यायच्या आणि मी ऐटीत सांगायचे.

चार महिन्यांनी ह्यांच्या पायांवर चपलेचे पट्टे रुतायला लागले. ब्लडप्रेशर मोजलं तर भलतंच वाढलेलं. गल्लीतला डॉक्टर गुजराती, भला माणूस. त्यानं विचारलं, "बेन, बीजी कोई दवा चालू छे?" मी ठासून सांगितलं, "कुछ नहीं." खोटं नव्हते बोलत मी. औषध म्हणजे गोळी, इंजेक्शन. ज्येष्ठमध हळद-जिऱ्याच्या फळीवर असतो, त्याला कोण औषधात धरतं? त्यानं प्रेशरची गोळी दिली, सूज उतरायची दिली. मी त्या गोळ्या काढ्याबरोबर दिल्या. हो, काढ्याबरोबरच.

दहा-बारा दिवसांनी शाळेत फोन आला. हे कारखान्यात खाली बसले ते उठेचनात, पायांत जोरच नाही, दोघांनी उचलून मोठ्या दवाखान्यात नेलं होतं. मी धावत पोचले. तिथली डॉक्टरीण म्हणाली, अंगातलं पोटॅशियम पार खाली गेलंय, हृदय कधीही दगा देईल. "आणखी काही घेतात का?" मी पुन्हा नाही म्हणणार, तेवढ्यात ह्यांनी गालातून चोथा काढून तळहातावर ठेवला. तिनं वाकून वास घेतला. "जेठीमध? रोज किती?"

मी सगळं सांगितलं. काडी, चूर्ण, काढा. ती म्हणाली, थोडका, थोडे दिवस घेतला तर बहुतेकांना चालतो. असा दिवसभर, महिनोन्‌महिने पोटात गेला तर पोटॅशियम वाहून जातं, मीठ-पाणी साठतं, प्रेशर चढतं. वर सूज उतरायची गोळी म्हणजे उरलंसुरलंही गेलं. ती ओरडली नाही. ओरडली असती तर बरं वाटलं असतं. मी बाहेर बाकावर बसून रडले. कपाळ माझं! कॅन्सरपासून ओढून काढायला निघाले आणि नवऱ्याला मीच मरणाच्या दारात नेऊन बसवलं.

हे वाचले. पाच दिवसांनी घरी आले, आणखी काही दिवस घरीच होते, मग पाळीला निघायची सकाळ आली. डब्यासोबत आता काय द्यावं, याचा विचार करून माझं डोकं शिणलं होतं. बडीशेप? लवंग? आता लवंगेचीसुद्धा धास्ती वाटत होती. "काहीच नको," हे म्हणाले. "मावा पण नाही. शपथ." दारात बूट घालायला बसले आणि बसूनच राहिले.

लग्नाला बावीस वर्षं झाली. इतक्या वर्षांत ह्यांच्या गालात काही ना काही असायचंच, विचारलं तर हो-नाही मानेनंच. त्या सकाळी तोंड रिकामं होतं. माझ्याकडे न बघता म्हणाले, "मी थकी गऊ वं. मले नही जानं."

काय म्हणायला हवं होतं ते मला कळत होतं. नका जाऊ, एवढंच. पण शाळेला उशीर होत होता, गॅसवर दूध होतं, अंगात उभं राहायचं बळ नव्हतं, आणि माझ्या तोंडून निघालं, "डबा भरलाय."

त्यांनी मान हलवली, डबा उचलला आणि गेले.