जाड कागद लवकर खाली पडतो

माझा मोठा भाऊ नूकराजू कागद फाडण्यात हुशार होता. हसू नका, आमच्या आंध्रातल्या सामलकोटात हे हुशारीचंच काम आहे. हिरो पडद्यावर पहिल्यांदा दिसला की बाल्कनीतून कागदाचे तुकडे उधळायचे, ही आमच्याकडची रीत. तुकडा मोठा राहिला तर सरळ खालच्याच्या टकलावर जाऊन बसतो. नखाएवढा झाला तर पंख्याच्या वाऱ्यावर अख्खं गाणं तरंगतो. अन्नय्याचे, म्हणजे माझ्या या दादाचे, तुकडे तरंगायचे. पिठापुरमची पोरंसुद्धा त्याच्याकडे शिकायला यायची. आमच्या घराण्यात शिकवण्याचा काही गुण असेल तर तो आधी असा बाहेर आला.

तो स्वतः आठवीपर्यंत शिकला. गणिताच्या मास्तरांनी भर वर्गात आमच्या वडिलांच्या ताडीवरून काहीतरी म्हटलं आणि याने फळा पुसायचा डस्टर उचलून त्यांच्या कपाळावर मारला. मास्तरांना तीन टाके पडले, याचं नाव शाळेतून कमी झालं. दुसऱ्या दिवशी तो राईस मिलमध्ये पोती उचलायला लागला. मी तेव्हा दुसरीत होते. वडील पुढच्याच वर्षी गेले. अम्मा त्याच मिलमध्ये सूप घेऊन तांदूळ पाखडायची, तिच्याशेजारी उभं राहून त्याने माझं नाव घेऊन जाहीर केलं, "आपल्या घरात एकच शिकेल. वेणी. मी काही आता सुधारत नाही."

सुधारला नाहीच. हिरोच्या चाहत्यांच्या संघाचा अध्यक्ष झाला. कटआउटवर दूध ओतायला सगळ्यांत वर हाच चढायचा. दुसऱ्या हिरोच्या माणसांनी बॅनर फाडला म्हणून दोनदा मारामाऱ्या केल्या आणि दोनदा पोलीस ठाण्यात बसून आला. पण माझी फी कधी चुकली नाही, आणि माझ्या परीक्षेच्या दिवसांत आमच्या गल्लीत लाउडस्पीकर लावायची कुणाची छाती नव्हती.

बाविसाव्या वर्षी मी डी.एड. झाले. सरकारी शिक्षकभरतीची परीक्षा दिली आणि यादीत माझं नाव लागलं. आता एवढंच उरलं होतं, शनिवारी काकिनाड्याला जाऊन दहावीचा मेमो, म्हणजे गुणपत्रिका, आणि डी.एड.चं प्रमाणपत्र दाखवायचं. मूळ कागद, झेरॉक्स चालणार नाही, असं पत्रात दोनदा लिहिलेलं होतं. त्याच आठवड्यात, शुक्रवारी, अन्नय्याच्या हिरोचा नवा सिनेमा लागणार होता.

"शिक्षणाचा सिनेमा आहे," त्याने मला चार वेळा सांगितलं. "गावगुंड असतो. तुरुंगात जातो. सुटून आल्यावर लहान पोरांच्या शेजारी बाकावर बसतो आणि दहावी पास होतो. माणूस होतो एकदम."

"मारामाऱ्या किती?"

"सात. पण दुसरा हाफ सगळा अभ्यासच आहे."

"मग दुसऱ्या हाफला तू झोपणार."

"तुझ्यासाठी बघीन," तो म्हणाला.

बुधवारी तो कागद शोधत घरी आला. रद्दीवाल्याकडे नुसती वर्तमानपत्रं होती आणि वर्तमानपत्राचा तुकडा त्याला पसंत नसे, शाई बोटांना लागते म्हणायचा. त्याला वहीचा कागद हवा होता. मी शनिवारच्या साडीला इस्त्री करत होते. कोपऱ्यात माझ्या डी.एड.च्या वह्यांचं गाठोडं पडलं होतं.

"ते ने," मी म्हटलं. "मला काय करायचंय आता त्याचं?"

"सगळं?"

"सगळं. झाले ना मी बाई."

इस्त्री उभी करून ठेवली, दोन्ही हातांनी गाठोडं उचललं आणि त्याच्या हातांवर ठेवलं. वर हसलेसुद्धा. त्या गाठोड्यात तपकिरी कव्हरची एक लांब वही होती. सोमवारी झेरॉक्स काढून बसने येताना मूळ कागदांना घडी पडू नये म्हणून मी ते त्या वहीत सरकवले होते. घरी आल्यावर झेरॉक्स फाइलला लावल्या, वही वह्यांवर टाकली. मूळ कागद आतच राहिले. बावीस वर्षांची, परीक्षेत सगळ्यांना मागे टाकणारी मुलगी असं कसं करते, याचं उत्तर मला आजही देता येत नाही.

ओसरीवर सहासात जण फाडायला बसले. बोटांनी फाडायचं आणि तोंडाने हिरोचं कौतुक करायचं, कागदाकडे कुणी बघत नाही. चारपाच कागद एकावर एक धरून फाडतात. मी आत साडीची घडी घालत होते.

"अन्ना, हे जाड लागतंय," बाहेर कुणीतरी म्हणालं.

"आण इकडे," अन्नय्याचा आवाज आला. "जाड कागद लवकर खाली पडतो. त्याला अजून बारीक फाडावं लागतं. बघ, असं."

मी ते ऐकलं. ऐकून साडी ट्रंकेत ठेवली.

शुक्रवारी पहिला खेळ सकाळी आठला होता. साडेनऊला मी सहज फाइल उघडली. सगळ्या झेरॉक्स होत्या. मग मला सोमवारची बस आठवली, वही आठवली, गाठोडं आठवलं. रडू वगैरे आलं नाही. चपला घातल्या आणि सत्यदेव टॉकीजकडे चालत गेले. धावलेसुद्धा नाही.

मध्यंतर झालं होतं. अन्नय्या जिन्यावर सोडा पीत उभा होता, केसांत, कॉलरवर, भुवयांवर तुकडे. इतका खूश मी त्याला फार कमी वेळा पाहिलंय.

"वेणी? तू सिनेमाला?"

"माझे मेमो त्या वह्यांत होते."

त्याने सोड्याची बाटली पायरीवर ठेवली. विचारलं, "कुठल्या वहीत?"

"तपकिरी कव्हरच्या. जाड कागद होते."

त्याने स्वतःच्या बोटांकडे पाहिलं. मला तेवढं स्पष्ट आठवतं, बाकी त्या दिवसाचं पुष्कळसं पुसून गेलंय.

दुसरा हाफ त्याने पाहिला नाही. बाल्कनीच्या दाराशी उभा राहून तो एकेकाला सांगत होता, पाय वर घ्या, तुडवू नका. खेळ सुटल्यावर मॅनेजर ओरडत असताना त्याने आणि त्याच्या माणसांनी अख्खी टॉकीज झाडून सात पोती भरली आणि खांद्यावरून मिलच्या अंगणात आणली. एवढ्या कचऱ्यातून वेचणार कसं, असं सगळे म्हणत होते. त्याने अम्माच्या हातात सूप दिलं.

"पाखड," तो म्हणाला. "पातळ उडून जाईल. जाड इथेच पडेल."

"काय आहे यात?" अम्माने विचारलं.

"वेणीचे मेमो. मी तिला न विचारता गाठोडं उचललं."

अम्माने ते सूप त्याच्या तोंडावर मारलं. सगळ्या मिलसमोर, एकोणतीस वर्षांच्या माणसाला. मग पुन्हा मारलं. तो हलला नाही. मी नळापाशी उभी होते, दहा पावलांवर. "गाठोडं मी दिलं," एवढंच म्हणायचं होतं. मी नळाखाली हात धुतले. हातांना काही लागलेलं नव्हतं.

अम्मा आणि मिलमधल्या दोघी संध्याकाळपर्यंत पाखडत होत्या. माझ्या बालमानसशास्त्राच्या नोंदी, पाठ टाचणं, चित्रं उडून भिंतीशी जाऊन साचली. सुपाजवळ जाड तुकड्यांची दोन मुठी भरतील एवढी रास झाली. अन्नय्याने भाताची पेज केली आणि पुठ्ठ्यावर एकेक तुकडा बसवला. पोती उचलणारी ती बोटं, पण एकही तुकडा वाकडा लागला नाही. शनिवारी सकाळी दहावीचा मेमो बराचसा उभा राहिला होता. माझं नाव होतं, तेलुगूचे गुण होते, अर्धा शिक्का होता. डी.एड.च्या प्रमाणपत्राचा एक कोपरा सापडला.

काकिनाड्याला टेबलामागे एक वयस्कर बाई होत्या. त्यांनी पुठ्ठा हातात घेतला, चष्मा वर केला, पुन्हा खाली केला.

"हे काय गं पोरी?"

"फाटलं मॅडमगारू," माझ्या मागून अन्नय्या म्हणाला. त्याच्या गालावर सुपाच्या काड्यांचे वळ होते. "माझ्याकडून फाटलं. तिची चूक नाही."

"फाटलेलं मी पाहिलंय रे बाबा. हे तर कुटलंय." त्या वाईट नव्हत्या. त्यांनी तुकड्यांवरून बोट फिरवलं. "किती नीट चिकटवलंय. पण याला मी मूळ प्रत कसं म्हणू? दुसरी प्रत मागव."

"मागवतो. किती दिवस द्याल?"

"आज शेवटचा दिवस आहे."

त्यांनी पुढचं नाव पुकारलं. माझ्या मागे उभी असलेली मुलगी संकोचून पुढे गेली. तिची फाइल छान होती. तिला पोस्टिंग मिळालं आणि आम्ही बसस्टँडवर येऊन इडली खाल्ली. मी तीन खाल्ल्या. अन्नय्याने एकही खाल्ली नाही. मला काहीच होत नव्हतं, पाय बधिर झाल्यावर टोचून पाहावं आणि कळू नये, तसं.

दुसऱ्या प्रती आठ महिन्यांनी आल्या. पुढची भरती सहा वर्षांनी निघाली, तेव्हा मी परीक्षा दिली, यादीत नाव नव्हतं. तोवर मी स्टेशनजवळच्या एका खासगी शाळेत शिकवत होते, आजही तिथेच आहे. सकाळी जाते, शिकवते, परत येते. पोरं चांगली आहेत. आपलं बरं चाललंय असं मी लोकांना सांगते आणि ते खोटंही नाही.

अन्नय्याने संघ सोडला. टॉकीजची पायरी पुन्हा चढला नाही. बसचं तिकीटसुद्धा फाडायचा नाही, खिशात ठेवायचा, धुवायला टाकलेल्या प्रत्येक शर्टात त्याचा लगदा निघायचा. सामलकोटात त्याला नवं नाव पडलं, कागदफाड्या. हमाल म्हणायचे, पानवाला म्हणायचा, घरात अम्मा म्हणायची. "वाढ त्या कागदफाड्याला," असं मला सांगायची, तो समोर बसलेला असताना. मी वाढायची. अम्मा गेली तेव्हा शेवटच्या दिवसांतही तिने त्याला त्याच नावाने पाणी मागितलं. तो ओ द्यायचा.

घटनेला चार वर्षं झाल्यावर एक दिवस तो ओपन स्कूलचा अर्ज घेऊन आला. दहावीचा.

"शिकवशील?" त्याने विचारलं.

"मला वेळ नसतो."

"जेवणानंतर अर्धा तास."

मी शिकवलं. मिलमधून आल्यावर मानेवर पोत्याचा कोंडा तसाच, आणि समोर वही. शास्त्र, समाजशास्त्र तो पहिल्या फटक्यात पास झाला. गणितात तीनदा नापास झाला. "ते मास्तर मला वरून बघतायत," म्हणायचा. त्या मास्तरांना जाऊन बरीच वर्षं झाली होती. चौथ्या वेळी पस्तीस हवे होते, अडतीस मिळाले. तो छत्तिसाव्या वर्षी दहावी झाला.

मेमो आणला त्या दिवशी रविवार होता. मी पप्पू-भात, म्हणजे आमचा वरणभात, आणि आवकायचं लोणचं वाढत होते. त्याने मेमो कडेला धरून माझ्यासमोर केला.

"तू ठेव. माझ्या हातात नको."

मी तो ट्रंकेत ठेवला आणि आले तर त्याने टीव्ही लावला होता. तोच सिनेमा चालू होता. सात वर्षांत कधीही लागला तरी मध्यंतराला तो बंद करायचा. आज बंद केला नाही. हिरो लहान पोरांच्या शेजारी बसून अभ्यास करत होता, गाण्यात परीक्षा झाली, निकाल लागला आणि तो राज्यात पहिला आला.

"पहिल्याच फटक्यात?" अन्नय्या घास थांबवून म्हणाला. "गणितात पण?"

"सिनेमा आहे."

"तरी पण."

पडद्यावर हिरोची आई रडत होती. मला काय झालं माहीत नाही, मी म्हटलं, "अन्नय्या, ते गाठोडं मी दिलं होतं. माझ्या हाताने."

त्याने टीव्हीवरून नजर काढली नाही. "मग? मीच तर घेतलं ना तुझ्या हातून. मला ठाऊक नाही का?"

"अम्माला तू वेगळंच सांगितलंस."

"तुला शाळेत उभं राहायचं होतं. बाईला लोक हसायला लागले की संपलं. मला काय, सगळे हसतातच." त्याने भात कालवला. "मला वाटलं, दोनचार दिवसांनी तू सांगशील अम्माला. मी वाट बघत होतो. मग म्हटलं, नसेल सांगायचं."

एवढं बोलून तो जेवायला लागला. राग नव्हता त्यात, असता तर मला सोपं गेलं असतं. मी त्याच्या ताटात भात वाढला. सांगणार होते रे, तेवढ्यात अम्मा गेली, असं काहीतरी माझ्या तोंडाशी आलं होतं.

अम्मा त्या शुक्रवारनंतर पाच वर्षं होती.