डावा गुडघा आणि आईची गोफण

मी बर्फावरच्या हॉकीत गोलकीपर आहे, असं आमच्या माण तालुक्यात कुणाला सांगितलं की समोरचा माणूस आधी माझ्याकडं बघतो आणि मग आभाळाकडं. त्याचंही बरोबरच आहे म्हणा. आमच्याकडं पावसाचीच मारामार, तिथं बर्फ कुठनं आणायचा? दहिवडीच्या बाजारात एका म्हाताऱ्यानं मला तोंडावर विचारलं होतं, "बर्फावर? मंजी गोळेवाल्याकडं कामाला हाईस व्हय?" मी भडकले. मी लय लवकर भडकते, हे आधीच सांगून टाकते. "आवं आजोबा, सरकारी नोकरी हाय माझी!" असं इतक्या जोरात ओरडले की शेजारची भाजीवाली वांगी तोलायची थांबली. म्हातारा शांतपणे म्हणाला, "मग सरकारी गोळेवाला आसंल." आणि निघून गेला.

शाळेत असताना मी साधी हॉकी खेळायचे, मातीतली. गोलात उभं राहायला कुणी मुलगी तयार नसायची, कारण बॉल लागायचा. मला लागण्याचं काही विशेष वाटायचं नाही. आमची पिढ्यानपिढ्या मेंढरं. एडक्याच्या ढुशा खातच मी मोठी झाले होते. त्यामुळं गोल माझ्या गळ्यात पडला आणि त्याच गोलानं पुढं मला नोकरी दिली. सरहद्द राखणाऱ्या एका दलात खेळाडू म्हणून माझी भरती झाली आणि माझी रवानगी झाली थेट लडाखला.

तिथं हिवाळ्यात तळं गोठायचं आणि त्यावर हॉकी चालायची. मुलींच्या संघाला गोलकीपर नव्हती. आमचे प्रशिक्षक तिथलेच, लडाखी; आम्ही सगळ्या त्यांना उस्ताद म्हणायचो. उस्तादांनी विचारलं, "गोल में खड़ी रहोगी?" मी लगेच हो म्हटलं. पायाखाली पातं लावलेले बूट घालून उभं राहता येतं की नाही, हा विचार नंतर केला. पहिल्या दिवशी मी उभी कमी आणि बसलेली जास्त होते. वर त्या खेळातला बॉल बॉल नसतोच. त्याला पक म्हणतात. काळ्या टणक रबराची चकती, साताऱ्याचा कंदी पेढा दाबून थोडा मोठा केला तर होईल तेवढी. तो पेढा मात्र असा येतो की दिसायच्या आत लागलेला असतो.

पहिल्याच स्पर्धेत मी एक पराक्रम केला, तो संघात अजून सांगतात. समोरच्या संघाच्या दोघी दोन बाजूंनी माझ्यावर धावून आल्या. आता मेंढरं अशी दोन्हीकडनं फुटायला लागली की आमच्यात काय करतात? शीळ घालतात. जीभ टाळूला लावून एकच लांब शीळ घातली की कळप जागच्या जागी उभा राहतो. माझ्या हातात काठी होती, तोंडावर जाळीचा मुखवटा होता, आणि माझ्या नकळत माझ्या तोंडातनं ती शीळ गेली. झालं! सगळ्या थांबल्या. माझ्या संघातल्या थांबल्या, त्यांच्या थांबल्या, पक एकटाच सरपटत माझ्या पायाशी आला. पंच आपल्या हातातल्या शिट्टीकडं बघत होता. "ये सीटी किसने मारी?" उस्ताद बाहेरनं गरजले. मी हात वर केला. पंचानं शिक्षा म्हणून माझ्याऐवजी माझ्या संघातली एक मुलगी दोन मिनिटं बाहेर बसवली आणि ती मुलगी तिथं बसून हसत होती. मला इतकी लाज वाटली की मुखवटा काढायचाच नव्हता.

पण त्या हिवाळ्यानंतर गोल माझा झाला. वर्षामागनं वर्षं गेली. भल्या सकाळी आम्हीच पाणी ओतून बर्फ नीट करायचो. पापण्यांवर पांढरं साचायचं. पॅड बांधायला बोटं वळायची नाहीत, एकमेकींचे पट्टे ओढून द्यायचो आणि शिव्याही द्यायचो. मी त्या वेळी किती सुखात होते, हे सांगून कुणाला पटायचं नाही. गोलात उभं राहिलं की माझं डोकं शांत होतं. एरवी शब्दाला शब्द लागला की पेटणारी मी, तिथं मात्र गार.

मग गेल्या हिवाळ्यात गुडघा गेला.

गोलकीपरला एक गोष्ट यावीच लागते. पक खालनं आला की दोन्ही गुडघे एकदम बर्फावर टाकायचे आणि पाय बाहेर पसरून जमिनीलगतची सगळी जागा बंद करायची. सरावात ती दिवसभर करून घेतात. एकदा अशीच करत होते, आणि डाव्या गुडघ्यात कापड फाटावं तसं काहीतरी फाटलं. सुट्टी घेऊन घरी आले आणि मिरजेला दुर्बिणीतून ऑपरेशन झालं. डॉक्टर भला माणूस होता. पावसाळ्यात शेवटच्या तपासणीला गेले तेव्हा म्हणाला, "गुडघा छान जुळलाय. तुम्ही आता भरवसा टाका त्याच्यावर." उस्तादांचा फोन आला. हिवाळ्याआधी चाचणी होती. मला पहिल्यासारखं गुडघ्यांवर जाता आलं तर गोल माझा. नाही आलं तर गोलात दुसरी मुलगी आणि मला पुण्यात कचेरीचं काम. बर्फ नाहीतर टेबल, मधलं काही नाही.

आई हे ऐकून उघड उघड खूश झाली. "पुनं काय लांब हाय? दर रविवारी येशील. हुरडा खाशील." माझं पित्त खवळलं.

खळ्यावर मी सराव सुरू केला. दोन बाभळीच्या मेढी रोवल्या आणि त्यांच्यामध्ये वाघर बांधली. मेंढरांभोवती रात्री लावतात ती जाळी. हा माझा गोल. पॅड, छातीची गादी, मुखवटा असं सगळं चढवून मी भर उन्हात उभी राहायचे. येणारी-जाणारी माणसं थांबायची. "काय गं, गाद्या वाळत घातल्यास व्हय?" एका काकूनं विचारलं. तिलाही मी बोलले.

पण माझी खरी अडचण मला एकटीलाच ठाऊक होती. डावा गुडघा खाली जातच नव्हता. दुखत नव्हता हो, अजिबात नाही. उजवा टेकायचा, आणि डावा जमिनीपासून वीतभर वर येऊन अडायचा. मी किती शिव्या घातल्या त्याला! स्वतःहून खाली बसून होत नव्हतं. कुणीतरी समोरून मारायला हवं होतं, विचार करायला वेळ मिळणार नाही असं. वडील दिवसभर मेंढरांमागं माळावर. भिंतीवर बॉल टाकून बघितला, तर तो म्हशीसारखा रमतगमत परत यायचा.

तेव्हा बाजरीत दाणा भरला होता आणि चिमण्यांचे थवे पडत होते. आई रानात राखणीच्या उंच माळ्यावर उभी राहून गोफण फिरवायची. मी बांधावरनं बघत होते. हाऽ हाऽ करून ती गोफण डोक्यावर गरगर फिरवायची, एक दोरी सोडायची, सट् असा आवाज व्हायचा, आणि पार त्या टोकाच्या बाभळीवरचा थवा उठायचा. मी विचार केला, अरे, ही तर आपल्या घरातच आहे की!

"आये, मला मार."

"काय?"

"गोफणीनं. रबरी चेंडू देते. माझ्या पायावर मार."

आई माळ्यावरनं खाली उतरली. मला वाटलं आता एक थोबाडीत देते. "माणसावर गोफण धरत न्हाईत," ती म्हणाली. "माझ्या आईनं हातात दिली तवा पयलं हेच सांगितलं. पाखराकडं बघून मारावी, माणसाकडं बघून न्हाई. भांडणात सुदिक न्हाई. आनि तू पोटची पोर."

आमच्याकडं हे सगळ्यांनाच माहीत आहे. लहान मुलानं चेष्टेनं जरी कुणाकडं गोफण रोखली तरी त्याला फटका बसतो. मी चेंडू दाखवला, पॅडवर बुक्क्या मारून दाखवल्या, हात जोडले. शेवटी अबोला धरला. आमच्या घरात माझा अबोला कुणाला सोसत नाही, कारण त्यात मी भांडी फार आपटते. आई तयार झाली.

आणि तिनं एकही चेंडू माझ्यावर मारला नाही. रोज संध्याकाळी रानातनं आली की खळ्यावर उभी राहायची, गोफण फिरवायची, आणि चेंडू कधी मेढीच्या डावीकडनं, कधी उजवीकडनं, कधी डोक्यावरनं जायचा. कणसाला धक्का न लावता त्याच्यावरचं पाखरू उठवणारी बाई, आणि तिला दारभर रुंद मुलगी सापडत नव्हती! सरावाचे दिवस असेच चालले होते. चाचणी जवळ येत होती. एका संध्याकाळी चेंडू पार कोंबड्यांच्या खुराड्यावर जाऊन आदळला आणि माझा तोल सुटला.

"तुला नेम धरायचाच न्हाई!" मी मुखवटा काढून फेकला. "सरळ सांग की, न्हाई मारायचं म्हणून! नाटकं कशाला करतीस?"

आई खळ्याच्या कडेला खाली बसली. गोफण मांडीवर ठेवली.

"व्हय, न्हाई धरत," ती म्हणाली. "गोफणीचं येक झालं. पर खरं सांगू का? तू गुडघ्यावर बसलीस की परत जाशील. न्हाई बसलीस तर पुन्यात ऱ्हाशील. तुझा दवाखान्यातनं फोन आला तवा मी देवापाशी काय मागितलं, ठावं हाय? पोरगी चालती होऊं दे, म्हनलं. पळती होऊं दे, असं न्हाई म्हनलं."

माझा सगळा राग कुठं गेला कुणास ठाऊक. मी पॅडसकट तिच्या शेजारी बसले, म्हणजे उजवा पाय दुमडून आणि डावा लांब ठेवून. ती माझ्या त्या लांब पायाकडं बघत होती. मला रडू आलं. एवढे दिवस मी उस्तादांना सांगितलं नव्हतं, डॉक्टरला सांगितलं नव्हतं, ते तिला सांगितलं. "आये, मला भ्या वाटतंय गं. दुखत न्हाई. नुसतं भ्या वाटतंय. तिकडं गोलात हुभी असायची तवा कवाच न्हाई वाटलं. मला तिकडं जायाचं हाय. पुन्याला नगं."

मेंढरं माळावरनं परतायला लागली होती, त्यांचा आवाज लांबनं येत होता. मग ती उठली. पदर कमरेला खोचला. गोफण कपाळाला लावली, डोळे मिटून काहीतरी पुटपुटली. तिनं काय म्हटलं ते मी आजपर्यंत विचारलेलं नाही.

"जा, हुभी ऱ्हा," ती म्हणाली.

मी गोलात गेले. मुखवटा घातला.

"कुठला गुडघा?"

"डावा."

"बांधलंस न्हवं नीट?"

"बांधलंय."

तिनं गोफण फिरवली. या वेळी आवाज वेगळा होता, बाजरीतला, खरा. दोरी सुटली. चेंडू माझ्या डाव्या पायाच्या बाहेरच्या कडेला, अगदी जमिनीलगत आला, आणि पॅडवर धपकन बसला. मी खाली बघितलं. माझे दोन्ही गुडघे जमिनीवर होते. दोन्ही पाय पसरलेले. डावासुद्धा. मी कधी खाली गेले ते मला कळलंच नव्हतं.

आई गोफण टाकून धावत आली. माझ्यापुढं बसून तिनं पॅडवरनंच गुडघा चाचपला, जणू आत बघता येणार होतं. "लागलं का गं? बोल की! लागलं?"

"न्हाई गं आये. काय न्हाई झालं." मी हसत होते आणि नाकातनं पाणी वाहत होतं.

तिनं माझ्या हेल्मेटवर हात ठेवला. मग चेंडू उचलला, मागं जाऊन गोफण घेतली आणि पुन्हा आपल्या जागेवर उभी राहिली. तिचा चेहरा पार भिजला होता, आणि पुसायला तिच्याकडं मोकळा हात नव्हता.

"ऊठ," ती म्हणाली. "परत तिथंच मारनार हाय. तुला जायाचं हाय न्हवं?"

दिसेनासं होईपर्यंत आई रडत होती आणि मारत होती, आणि तिचा एकही नेम चुकला नाही.