कुठलं 'हिंदोस्तान'?

लंडनमधल्या इल्फर्डहून निघालो तेव्हाच मामांचा जीव थाऱ्यावर नव्हता. ट्रेनमध्ये खिडकीची जागा मिळूनही ते सारखे उठत होते. हर्णैच्या त्यांच्या घरात एक गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या चालत आली होती. घरातला एक पूर्वज 'हिंदोस्तान' नावाच्या इंग्रजी शिडाच्या जहाजावर खलाशी म्हणून गेला, तो परतलाच नाही. मेल्याची खबरही आली नाही, म्हणून त्याचं श्राद्धही कधी झालं नाही. या नावाचं जहाज इंग्लंडच्या किनाऱ्यावर मार्गेटजवळ वाळूत रुतून फुटलं, असं मी इंटरनेटवर वाचलं आणि माझ्याकडे राहायला आलेल्या मामांना सांगून बसले. तेव्हापासून त्यांनी तिथं जाऊन तर्पण करायचा धोशा लावला होता.

मार्गेटला उतरलो तर ओहोटी. समुद्र पार लांब गेलेला, मध्ये नुसता करडा चिखल. वाऱ्यानं छत्री उलटी केली आणि मामांची कानटोपी उडवली. ती मी धावत जाऊन पकडली. भरतीची वाट बघत चिप्स (बटाट्याचे जाड तळलेले काप) घेतले. मामांनी त्यांना हातही लावला नाही. शेवटी वाऱ्यापासून सुटका म्हणून किनाऱ्यावरच्या छोट्याशा संग्रहालयात शिरलो.

"कुठलं 'हिंदोस्तान'?" तिथल्या बाईंनी विचारलं. "त्या नावाची बरीच होती. इथं फुटलं त्यावरची बहुतेक माणसं वाचली. एक स्पेनच्या किनाऱ्यापाशी जळालं. एक ऑस्ट्रेलियापर्यंत गेलं."

मी मामांना मराठीत सांगितलं.

"म्हणजे तो वाचलाही असेल?"

"असेल."

भरती आली. मामा बूट काढून पाण्यात उतरले, ओंजळ भरली आणि तशीच सांडून माघारी आले.

"नाही होत गो. तो बुडाला, असं धरून आलो होतो. जगला आणि तरी एक निरोप धाडला नाही, हे मला सोसत नाही."

परतीच्या ट्रेनमध्ये त्यांनी एकदम विचारलं, "तू तरी परत येणार आहेस ना?"

"माहीत नाही, मामा."

"राहा हवं तर. पण तुझं काय चाललंय ते आम्हाला कळू दे."

ऑफिसनं मला इथंच कायम राहण्याबद्दल विचारलं होतं. घरी कुणापाशीच मी ते बोलले नव्हते. मामांच्या शेजारी सरकून बसले आणि सांगायला लागले.