खारदेशातली अमावास्या

माझा मित्र सदानंद गेल्याची बातमी मला त्याच्या प्रकाशकांच्या मेसेजवरून कळली. वर त्याचा फोटो, खाली ‘भावपूर्ण श्रद्धांजली’ आणि त्याखाली तिन्ही कादंबऱ्या एकत्र घेतल्यास मिळणारी सवलत. मी गिरगावात माझ्या खोलीत चहा गाळत होतो. त्याच्या बायकोला, वैजयंतीवहिनींना, फोन लावून मेसेजचं सांगितलं, तर त्या म्हणाल्या, “भाऊजी, तुम्हाला कळवायला फोन हातातच घेतला होता. ह्या माणसानं माझ्याआधी कसं गाठलं?” प्रकाशकांचं नाव मी इथे लिहीत नाही. ते छापलेलं बघायला त्यांना फार आवडतं.

दादरला शोकसभा झाली. ज्यांनी सदाला आयुष्यभर राक्षस-पऱ्यांचा लेखक म्हणून दाराबाहेर उभं केलं, ते सगळे पहिल्या रांगेत होते. एक समीक्षक त्याला द्रष्टा म्हणाले आणि त्याच दमात ‘खारदेशाच्या त्या रणरणत्या वाळवंटात’ असंही म्हणाले. सदाच्या कादंबऱ्यांतला खारदेश म्हणजे नुसती खाडी आणि बेटं. पहिल्या पानापासून तिथे पाणी आहे. सभागृहात कुणीही हसलं नाही. बहुधा हसण्यापुरतंही कुणी वाचलेलं नव्हतं.

त्या खारदेशासाठी सदानं एक कालगणना रचली होती आणि कादंबऱ्यांपेक्षा त्याचा जीव तिच्यात जास्त होता. तिथल्या आकाशात दोन चंद्र. दोघांच्या ओढीनं पाणी चढणार, उतरणार, आणि त्या पाण्यावर महिने मोजायचे. दिवसांना नावं कामांची... जाळं विणायचा दिवस, मीठ उचलायचा दिवस. हे जुळवण्यासाठी तो कफ परेडच्या मच्छीमार नगरात जाऊन बसायचा, होड्या कधी टेकतात आणि कधी तरंगतात ते बघत. सगळ्यांत मोठा दिवस जोडअवस. त्या दिवशी दोन्ही चंद्र एकदम नाहीसे होतात, उधाण सर्वांत मोठं येतं आणि पाणी थेट वैद्याच्या पायरीला लागतं. म्हणून साऱ्या बेटांवरचे आजारी लोक जोडअवसेची वाट बघतात. त्या दिवशी त्यांना उचलून न्यावं लागत नाही; होडी दारात जाते.

हे त्याला कुठून सुचलं, ते मला त्यानं एकदाच सांगितलं. त्याचं बालपण परळच्या चाळीत गेलं, वडील गिरणीत. तो शाळेत असताना आईच्या पोटात असह्य दुखू लागलं. इस्पितळ चाळीच्या गॅलरीतून दिसायचं. वडील पाळीला गेलेले, आणि घरात शब्द चालायचा तो थोरल्या काकांचा. ते म्हणाले, “आज अवस आसा. फाल्यां व्हरूया तिका.” म्हणजे अमावास्या टळू दे, उद्या नेऊ. पहाटे ती गेली. हेच काका पुढे प्रत्येक लग्नाकार्यात, पानाला चुना लावत सांगायचे, “अवसेन नेल्यान तिका.” लोक हळहळायचे. त्यांना अडवून विचारणारा कुणी त्या चाळीत निघाला नाही, आणि काका भरपूर जगले.

सदानं आपल्या कालगणनेत एकही दिवस शुभ ठेवला नाही, एकही अशुभ ठेवला नाही. वाचकांना एवढं समजेल, असा त्याचा समज होता. लालबागहून एका वाचकानं कौतुकाचं लांबलचक पत्र लिहिलं आणि शेवटी विचारलं, ‘सर, मुलीचा साखरपुडा आहे, आपल्या पंचांगात चांगला दिवस कोणता?’ मी म्हटलं, “फाडून टाक.” सदानं उत्तर पाठवलं, ‘दोन्ही घरची माणसं मोकळी असतील तो.’ असल्या माणसांशी इतकं नीट वागणं मला कधी जमलं नाही. अजूनही जमत नाही.

तो गेल्यावर काही आठवड्यांनी प्रकाशक परळच्या घरी आले. खारदेशाची दिनदर्शिका काढायची होती आणि वहिनींची संमती हवी होती. वहिनींनी मला बोलावून घेतलं होतं. गुळगुळीत कागद, चित्रं देखणी. पानं उलटता उलटता मी जोडअवसेपाशी थांबलो. खाली तांबड्या अक्षरांत छापलं होतं : अशुभ दिवस. प्रवास व औषधोपचार टाळावेत.

“हे कुणी लिहिलं?” मी विचारलं.

“आमच्या टीमनं. म्हणजे काय आहे सर, कॅलेंडर म्हटलं की लोक हेच आधी बघतात. दोन्ही चंद्र गायब, म्हणजे डबल अमावास्या झाली ना?” ते हसले. “शेवटी काल्पनिकच आहे हो सगळं.”

“पुस्तकात त्या दिवशी आजाऱ्यांना वैद्याकडे नेतात.”

“असेल. इतकं बारीक कोण वाचतं?”

हे त्याच्या पुस्तकांचे प्रकाशक.

वहिनींनी चहाचा कप पुढे सरकवला आणि विचारलं, “तुम्ही काल येणार होतात ना? मी पोहे करून बसले होते.”

“काल अमावास्या होती, वहिनी. चांगल्या कामाला म्हटलं आजच...”

वहिनींनी कप परत आपल्याकडे ओढला. प्रकाशकांनी चहाला अजून तोंड लावलेलं नव्हतं. “माझ्या सासूबाईंनाही ‘उद्या’च सांगितलं होतं,” त्या म्हणाल्या. “कागद उचला तुमचे.”

“अहो, दोन ओळींसाठी...”

“दोन ओळी काढून आणा, मी सही करीन. आणायच्या अमावास्येला. दुसऱ्या दिवशी मी दार उघडणार नाही.”

ते जिना उतरताना फोनवर कुणाला तरी सांगत होते, म्हातारी भावनिक झालीय. नंतर आले नाहीत. दिनदर्शिका निघाली नाही, आणि त्या वाळवंटवाल्यांना त्याची चुटपुट लागायचं कारणच नाही.

मागच्या आठवड्यात वहिनींच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. तारीख घेताना मी शेजारी होतो. काउंटरवरची मुलगी आवाज खाली आणून म्हणाली, “आजी, त्या दिवशी अमावास्या आहे. चालेल ना? नाहीतर पुढची देते.”

“तीच दे गं,” वहिनी म्हणाल्या.

आम्ही गेलो तेव्हा बाहेरच्या साऱ्या खुर्च्या रिकाम्या होत्या. टेकायलाही वेळ मिळाला नाही. वहिनींना लगेच आत बोलावलं. जाता जाता चष्मा माझ्या हातात देत त्या म्हणाल्या, “हे असते तर म्हणाले असते, बघ, होडी दारात लागली...”